वालचंदांचा धडा आणि सैन्याची खरेदी

सैन्याला लागणारा माल कोणाकडून, केव्हा आणि कोणत्या अटींवर घ्यावा, हा प्रश्न वरवर पाहता हिशेबनिसांचा आहे. परंतु युद्ध दाराशी येऊन ठेपले म्हणजे तोच राष्ट्राच्या जीविताचा प्रश्न होतो. १ नोव्हेंबर २०२५ पासून संरक्षण खात्याची नवी खरेदी-नियमावली अमलात आली आणि देशात नव्याने विकसित झालेल्या मालाला पाच वर्षांपर्यंत मागणीची हमी देण्याची सोय तीत झाली. हे तत्त्व परकीय सरकारच्या गळी उतरविण्यासाठी ज्यांनी आपले वित्त आणि बुद्धी पणाला लावली, त्या सोलापूरच्या शेठ वालचंद हिराचंद यांच्या चरित्राचे या वेळी स्मरण करणे आम्हांस अगत्याचे वाटते.

वालचंदांचा जन्म २३ नोव्हेंबर १८८२ रोजी सोलापुरात झाला. घरची सावकारी व कापसाचा व्यापार सोडून त्यांनी, रेल्वेत कारकुनी केलेल्या लक्ष्मणराव फाटकांच्या भागीने, ठेकेदारीत पाऊल टाकले. आरंभ झाला तो बार्शी लाइट रेल्वेच्या एका लहानशा कामाने. भोरघाटातील बोगद्यांसारखी कामे पुढची. सरकार हे देशातील सर्वांत मोठे गिऱ्हाईक आहे आणि त्याच्या मर्जीवर धंदे तरतात वा बुडतात, हे त्यांनी या व्यवसायात जवळून पाहिले. १९१९ साली, महायुद्धात रुग्णनौका म्हणून वापरलेली ‘लॉयल्टी’ ही बोट विकत घेऊन, नरोत्तम मोरारजी प्रभृतींसह त्यांनी सिंदिया कंपनी काढली. ब्रिटिश कंपन्यांच्या दरयुद्धापुढे ती टिकविताना तोच अनुभव त्यांना पुन्हा आला.

१९३९ साली युद्ध पेटले. त्याच वर्षी प्रवासात विल्यम पॉली या अमेरिकन विमान-व्यावसायिकाशी त्यांची गाठ पडली आणि हिंदुस्थानात विमाने बांधण्याची योजना आकारास आली. त्यांची मागणी सरळ होती: सरकारने विमानांची मागणी नोंदवावी, कारखाना आम्ही उभारतो. सरकारने मात्र टाळाटाळ केली. १९४० च्या जूनमध्ये फ्रान्स पडला, तेव्हा कोठे सरकारचे डोळे उघडले. म्हैसूर संस्थानाच्या साहाय्याने २३ डिसेंबर १९४० रोजी बंगळूर येथे हिंदुस्थान एअरक्राफ्ट कंपनी स्थापन झाली आणि दुसऱ्याच वर्षी तेथे जुळविलेले पहिले शिकाऊ विमान आकाशात गेले. जे शांततेत वर्षानुवर्षे अशक्य मानले गेले, ते निश्चित मागणी मिळताच काही महिन्यांत शक्य झाले!

जपानचा धोका जवळ येताच १९४२ साली सरकारने वालचंदांचा भाग विकत घेतला. मोटारींच्या कारखान्याला तर युद्धकार्याला तो आवश्यक नाही असे सांगून सरकारने पाठिंबा नाकारला. तो अखेर १९४४ मध्ये मुंबईत उभा राहिला. विशाखापट्टणमच्या गोदीची कोनशिला १९४१ साली बसली आणि तेथील ‘जलउषा’ १९४८ साली पाण्यात उतरली. ८ एप्रिल १९५३ रोजी वालचंद निवर्तले. त्यांचा विमान कारखाना पुढे १९६४ साली हिंदुस्थान एरोनॉटिक्समध्ये विलीन झाला आणि त्यांची गोदी २०१० साली संरक्षण मंत्रालयाकडे गेली.

वालचंद हे साधुपुरुष नव्हते, ते व्यापारी होते, आणि हमी मागताना नफ्यावरही त्यांची दृष्टी असे, हे आम्ही नाकारीत नाही. देशी म्हणून वाटेल त्या किमतीला वाटेल तो माल घ्यावा, असे कोणी म्हणू नये. सदोष साहित्याची किंमत अखेर जवानाला मोजावी लागते. किंमत तपासावी, कसोटी कठोर असावी. परंतु मागणी वेळेवर आणि सातत्याने यावी. संकट कोसळल्यावर केलेली खरेदी महागच पडते.

या चरित्राचा दुसरा धडा त्याच्या आरंभात आहे. अक्कलकोट मार्गावरील कुंभारी येथे रे नगरात जानेवारी २०२४ मध्ये पंधरा हजार घरे श्रमिकांच्या हाती आली. गणवेशाच्या धंद्यात सोलापूरचे नाव आहे. उद्या या वस्तीतल्या एखाद्या लहान शिलाई कारखान्याने सैन्याच्या कपड्यांची निविदा भरावयाचे ठरविले, तर त्याला प्रथम पूर्वानुभव आणि मोठी उलाढाल विचारली जाईल. लघुउद्योगांना या अटींत सवलत देण्याची तरतूद नियमांत आहे. पण ती देणे न देणे खरेदी करणाऱ्या अधिकाऱ्याच्या हाती राहते. मालाचे पैसे पंचेचाळीस दिवसांत देण्याचे बंधन कायद्यात आहे. पण ते न पाळणाऱ्या खात्याशी भांडण्याचे बळ लहान कारखानदारापाशी नसते. ज्या अटींपुढे कुंभारीचा कारखानदार आज अडेल, त्या अटी तेव्हा असत्या तर फाटक-वालचंदांचा पहिला ठेकाही अडला असता.

म्हणून नव्या नियमावलीची परीक्षा तिच्या पानांवर होणार नाही. सवलत नाकारताना अधिकाऱ्याने लेखी कारण द्यावे आणि देयक किती दिवसांत चुकते झाले ते प्रसिद्ध व्हावे, एवढे जरी सरकारने केले, तरी सुधारणा कागदावरून कारखान्यात पोहोचेल. वालचंदांच्या काळी टाळाटाळ करणारे सरकार परके होते. आज ती सबब आपणांपाशी उरलेली नाही.