कर्मवीर दादासाहेब गायकवाड

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे चरित्र तुम्ही पाठ्यपुस्तकात वाचता. त्यांच्या शब्दाखातर ज्यांनी उभा जन्म खेड्यापाड्यांत पायपीट केली, त्या सहकाऱ्यांची नावे मात्र पुस्तकात एखाद्या ओळीपुरती येतात. भाऊराव कृष्णाजी गायकवाड हे त्यांतले पहिले नाव. लोक त्यांना दादासाहेब म्हणत.

त्यांचा जन्म १५ ऑक्टोबर १९०२ रोजी नाशिक जिल्ह्यातील दिंडोरी तालुक्यात आंबे या गावी महार कुटुंबात झाला. तरुणपणी नाशिकला शाहू छत्रपतींच्या नावाच्या वसतिगृहाचे ते अधीक्षक होते. मुलांचे जेवण, हिशेब, आजारपण सगळे बघायचे, असे ते काम. नेता म्हणून त्यांची घडण तिथेच झाली, असे मला वाटते.

२ मार्च १९३० रोजी नाशिकच्या काळाराम मंदिरात प्रवेश मिळावा म्हणून सत्याग्रह सुरू झाला. सत्याग्रह समितीचे चिटणीस भाऊराव, वय अवघे सत्तावीस. हजारो माणसे शिस्तीने मंदिराकडे गेली, दरवाजे बंद झाले. रामनवमीला रथ ओढण्यावरून दगडफेक झाली. त्याच वर्षी बाबासाहेब गोलमेज परिषदेसाठी लंडनला गेले आणि लढ्याचा भार भाऊरावांवर आला. माणसे जमवणे, तुरुंगात गेलेल्यांच्या घरी चूल पेटते की नाही हे पाहणे, पैसा उभा करणे, असे चार-पाच वर्षे चालले. शेवटी १९३४ साली बाबासाहेबांनीच त्यांना पत्र लिहून कळवले की देवळाच्या दारात आता शक्ती खर्च करू नये, शिक्षण आणि राजकारणाकडे वळावे. इतकी वर्षे सोसल्यावर असे पत्र आले तर मन किती खट्टू होईल! पण दादासाहेबांनी तो विचार मानला. पुढच्याच वर्षी येवल्याच्या परिषदेतही ते बाबासाहेबांबरोबर होते.

१९३७ साली स्वतंत्र मजूर पक्षातर्फे ते मुंबई विधानसभेवर निवडून आले. पालकांना हे वाचून आनंद वाटेल की आपला बेळगाव जिल्हा तेव्हा मुंबई प्रांतात होता आणि त्याच पक्षातर्फे बेळगाव जिल्ह्यातून बळवंतराव वराळे आमदार झाले होते. वराळेही धारवाडच्या वसतिगृहाचे अधीक्षक! निपाणीत तर १९२५ सालीच बाबासाहेबांच्या उपस्थितीत प्रांतिक बहिष्कृत परिषद भरली होती.

१ नोव्हेंबर १९५६ रोजी बेळगाव, निपाणी, खानापूर म्हैसूर राज्यात गेले. पुढच्याच वर्षी संयुक्त महाराष्ट्र समितीच्या पाठिंब्याने दादासाहेब नाशिकमधून लोकसभेवर गेले. बाबासाहेब तेव्हा हयात नव्हते. ऑक्टोबर १९५७ मध्ये रिपब्लिकन पक्ष स्थापन झाला, पण दोन वर्षांतच त्यात दोन तट पडले. एकीकडे वकील, शिकलेली शहरी मंडळी. दुसरीकडे दादासाहेब, धोतर नेसणारे, खेड्यातले. त्यांना इंग्रजी कायदेकानू काय कळणार, असा सूर निघे. मी स्वतः हिंदी माध्यमातून पदवी घेतली असल्यामुळे हा सूर मला चांगला ओळखू येतो.

वाद खरा होता तो जमिनीचा. दादासाहेबांचे म्हणणे साधे होते. हक्क कागदावर मिळाले, पण सालगडी म्हणून ज्याच्या शेतात राबायचे त्याच्यासमोर मान वर कशी करणार? म्हणून पडीक आणि गायरान जमीन भूमिहीनांना द्या. या मागणीत जात पाहायची नाही, कम्युनिस्टांनाही बरोबर घ्यायचे, हे काहींना रुचले नाही. निपाणीच्या तंबाखूच्या वखारीत काम केलेल्या आपल्या आज्यांना हे म्हणणे समजावून सांगावे लागले नसते.

१९५९ साली नाशिक, खानदेश, मराठवाड्यात भूमिहीनांचा सत्याग्रह झाला. ६ डिसेंबर १९६४ पासून तो देशभर झाला. उत्तर प्रदेशापर्यंत लोक तुरुंगात गेले, बायका कडेवर मुले घेऊन गेल्या. दादासाहेब तेव्हा राज्यसभेचे सदस्य होते. मागण्यांत जमीन होती, किमान वेतन होते आणि संसदेच्या मध्यवर्ती सभागृहात बाबासाहेबांचे तैलचित्र लावावे हेही होते. पंतप्रधान लालबहादूर शास्त्रींच्या सरकारने काही मागण्या मान्य केल्या. तैलचित्र मात्र १९९० साली लागले.

पुढे त्यांनी काँग्रेसशी निवडणुकीत समझोता केला. त्यावर त्यांच्याच माणसांनी टीका केली आणि ती सगळी चुकीची म्हणता येणार नाही. त्या समझोत्यानंतर पक्ष दुबळा होत गेला. १९६८ साली त्यांना पद्मश्री मिळाली. २९ डिसेंबर १९७१ रोजी त्यांचे निधन झाले.

महाराष्ट्र शासनाने २००४ साली त्यांच्या नावाने योजना सुरू केली. तीत अनुसूचित जाती व नवबौद्ध भूमिहीन कुटुंबांना चार एकर जिरायत किंवा दोन एकर बागायत जमीन देण्याची तरतूद आहे. योजना महाराष्ट्राची असल्याने आपल्या सीमाभागातील गावांना ती लागू होत नाही.