भावकीने टाकलेला पोरगा, ज्याने मंगोल घडवले

थंडीतल्या एखाद्या रविवारी बारामती-इंदापूरची कॉलेजची पोरं गाड्या काढून भिगवणला जातात. होडीतून रोहित पक्ष्यांचे फोटो काढायचे, मासे खायचे आणि परत. पुढच्या वेळी गेलात तर नावाड्याला पट्टकादंब दाखवायला सांगा. राखाडी अंग, पांढरं डोकं आणि त्यावर दोन काळे पट्टे. हा पक्षी मध्य आशियात आणि मंगोलियात तळ्यांच्या काठी अंडी घालतो आणि हिवाळ्यात हिमालय ओलांडून आपल्याकडे येतो. मंगोलियात गळ्यात पट्टा अडकवून सोडलेले पट्टकादंब महाराष्ट्रात दिसलेले आहेत.

त्याच मुलखातून एक शब्दही आपल्याकडे आला. मोंगल. शाळेपासून तुम्ही तो हजारदा वाचलाय. पण मूळचे मंगोल कोण, हे कधी कुणी सांगितलंय? ते समजून घ्यायचं तर एका माणसाची गोष्ट ऐकावी लागेल. चंगीझखान. आणि आधीच एक गैरसमज दूर करू. नावात खान आहे म्हणून तो मुसलमान होता असं अनेकांना वाटतं. तो मुसलमान नव्हता. तो आभाळाला देव मानायचा. खान ही त्या गवताळ प्रदेशातल्या सरदार-राजांची पदवी होती.

एका माशावरून

मंगोलिया चीनच्या उत्तरेला आणि सायबेरियाच्या दक्षिणेला आहे. पाऊस कमी, थंडी मरणाची. शेती करणं अवघड, म्हणून माणसं जनावरांच्या मागे फिरणारी. घोडा, गाय, उंट, मेंढी आणि शेळी ही त्यांची पाच धनं. लोकर दाबून केलेल्या जाड थरांचा गोल तंबू, म्हणजे गेर, हे त्यांचं घर. दिवाळीनंतर घोड्यांवर बिऱ्हाड लादून मेंढरांमागे चाललेले धनगरांचे वाडे तुम्ही रस्त्यावर पाहिले असतील. चाऱ्यासाठी मुलूख बदलणं म्हणजे काय, हे आपल्या भागातल्या माणसाला वेगळं सांगायला नको.

अशाच एका टोळीत, ओनोन नदीच्या परिसरात, ११६२ च्या सुमारास तेमुजिनचा जन्म झाला. बाप येसुगेई टोळीचा पुढारी होता. पोरगा नऊ वर्षांचा झाल्यावर बापाने बोर्ते नावाच्या मुलीशी त्याचं लग्न ठरवलं आणि रीतीप्रमाणे त्याला सासुरवाडीला ठेवलं. परतीच्या वाटेवर तातार टोळीच्या लोकांनी येसुगेईला जेवणातून विष घातलं.

पुढारी गेला आणि भावकी फिरली. जनावरं हाकत सगळे निघून गेले. विधवा होएलुन आणि तिची लहान लेकरं माळावर उरली. तिने कंदमुळं उकरून, रानफळं वेचून पोरं जगवली. उपासमारीतल्या या घरात एक भयंकर गोष्ट घडली. पकडलेल्या माशावरून भांडण झालं आणि तेमुजिनने धाकट्या भावाला सोबत घेऊन आपल्याच सावत्र भावाला बाणांनी मारलं. ही हकिगत शत्रूने लिहिलेली नाही. ती मंगोलांच्या स्वतःच्या जुन्या इतिहासात आहे. त्यांनी ती लपवली नाही.

गोत नव्हे, साथ

पुढे तीच भावकी त्याला पकडून नेते, गळ्यात लाकडी खोडा अडकवते. त्या छावणीतलंच एक परकं कुटुंब जीव धोक्यात घालून त्याला लपवतं आणि पळवून लावतं. एकदा घरचे आठ घोडे चोरीला गेले, तेव्हा वाटेत भेटलेला बोओर्चू नावाचा अनोळखी मुलगा स्वतःचं काम टाकून त्याच्यासोबत शोधायला निघाला. हाच बोओर्चू नंतर त्याचा मोठा सरदार झाला.

इथे थोडं थांबा, कारण या माणसाच्या आयुष्याची किल्ली इथेच आहे. रक्ताच्या नात्याने त्याला टाकलं, परक्यांनी उचललं. पुढे सत्ता हातात आल्यावर त्याने हाच हिशेब सगळीकडे लावला.

मेर्कित टोळीने बोर्तेला पळवून नेलं, तेव्हा त्याने बापाच्या जुन्या मित्राची आणि आपला मानलेला भाऊ जामुखाची मदत घेऊन तिला सोडवून आणलं. त्यानंतर जन्मलेला थोरला मुलगा जोची नेमका कुणाचा, यावर लोक कुजबुजत राहिले. तेमुजिनने त्याला कायम आपलाच मुलगा मानलं. जामुखाशी मात्र पुढे त्याचं बिनसलं. एका आभाळाखाली दोन पुढारी नकोत, असाच तो संघर्ष होता.

एकेक टोळी हरवत तो पुढे गेला. हरलेल्यांना कुटुंबांसकट आपल्यात सामावून घेतलं. लढाईत ज्याच्या बाणाने त्याच्या घोड्याचा वेध घेतला, त्या माणसाने स्वतःहून कबुली दिली तेव्हा त्याने त्याला जवळ ठेवलं आणि जेबे म्हणजे बाण असं नाव दिलं. पण सगळ्यांच्या वाट्याला अशी माफी आली नाही. १२०२ मध्ये तातारांचा पाडाव झाल्यावर गाडीच्या आसाच्या खिळीहून उंच असलेला प्रत्येक पुरुष मारायचा, असं ठरलं. बापाच्या खुनाचा सूड असा घेतला गेला.

१२०६ मध्ये ओनोनच्या काठी सगळ्या टोळ्यांची सभा भरली आणि तेमुजिन चंगीझखान झाला. तोवर मंगोल हे अनेक टोळ्यांपैकी एकीचं नाव होतं. आता केराईत, नैमान, मेर्कित सगळे मंगोल. त्याने फौजेची दहा, शंभर, हजार, दहा हजार अशी बांधणी केली आणि बऱ्याच तुकड्यांत वेगवेगळ्या टोळ्यांची माणसं मिसळली. मेंढपाळाचा, लोहाराचा मुलगा हजाराचा सरदार होऊ लागला. त्याला स्वतःला लिहिता-वाचता येत नव्हतं, पण हरवलेल्या नैमानांच्या दरबारातला लेखनिक हाताशी धरून त्याने उइघुर लिपी मंगोल भाषेसाठी आणली. म्हणजे एका पिढीत नाव, फौज, लिपी आणि कायदा. ज्याला आपण आज ओळख म्हणतो, ती अशी घडवली गेली.

सिंधूच्या काठावरून माघारी

१२१५ मध्ये त्याने आजचं बीजिंग जिंकलं. मग नजर पश्चिमेकडे वळली. त्याने पाठवलेला सुमारे ४५० व्यापाऱ्यांचा तांडा ख्वारज्मच्या ओत्रार शहरातल्या सुभेदाराने कापून काढला. जाब विचारायला गेलेल्या वकिलालाही ख्वारज्मच्या शहाने मारलं. १२१९ मध्ये चंगीझखान चालून गेला. १२२० मध्ये बुखारा आणि समरकंद पडलं, १२२१ मध्ये मर्व आणि निशापूर. जुन्या इतिहासकारांनी दिलेले मृतांचे आकडे फुगवलेले असतील, पण शहरंच्या शहरं ओस पडली यात वाद नाही. मर्वकडचे बंधारे मोडले, शेतं वाळली. नीरा डाव्या कालव्याच्या पाण्यावर वाढलेल्या तुमच्या-माझ्यासारख्यांनी विचार करून पाहावा. कालवा फुटला आणि परत कुणी बांधलाच नाही, तर गावाचं काय होईल?

त्याच वर्षी ख्वारज्मच्या राजपुत्र जलालुद्दीनचा पाठलाग करत तो सिंधू नदीपर्यंत पोचला. हरलेल्या राजपुत्राने घोड्यासकट नदीत उडी टाकली. चंगीझखान काठावरून बघत राहिला आणि नंतर माघारी वळला. दिल्लीत तेव्हा सुलतान इल्तुत्मिश होता. १२२७ मध्ये चीनच्या वायव्येकडच्या मोहिमेत चंगीझखान मेला. त्याला गुपचूप पुरलं. ती जागा आजवर सापडलेली नाही.

मग आपले मोंगल कोण?

दिल्लीत राज्य स्थापणारा बाबर आईकडून चंगीझखानाच्या वंशातला, पण बापाकडून तैमूरच्या. त्याची भाषा तुर्की, अभिमान तैमूरचा. आपल्या आठवणींत तो मंगोलांना चांगलीच नावं ठेवतो. तरी मोगल हे नाव त्याच्या घराण्याला चिकटलं ते चिकटलंच. शंभूराजांना मिळालेली पंचहजारी मनसब तुम्हाला आठवत असेल. हजारांत माणसाचा दर्जा मोजायची ही पद्धत अभ्यासक मंगोलांच्या त्या जुन्या फौजेपर्यंत नेऊन जोडतात.

१६६० च्या उन्हाळ्यात शाहिस्तेखानाची फौज सुपे, बारामती करत पुण्याकडे गेली. लोक म्हणाले असतील, मोंगल आले. पण शाहिस्तेखानाचं घराणं इराणमधून आलेलं. फौजेत राजपूत होते, अफगाण होते आणि आपले मराठे सरदारही होते. ओनोनच्या काठावरचा मंगोल त्यात शोधून सापडला असता का, शंकाच आहे. नावं माणसांपेक्षा जास्त लांब चालतात.

आणि खरे मंगोल? मंगोलिया देशात ते तीसेक लाख आहेत. त्याहून जास्त चीनमधल्या अंतर्गत मंगोलियात राहतात, काही रशियात. सोव्हिएत प्रभावाच्या काळात मंगोलियात चंगीझखानाचं कौतुक करणं गुन्ह्यासारखंच होतं. १९६२ मध्ये त्याच्या जन्माची ८०० वर्षं साजरी करायचा घाट घातला गेला आणि त्याला पाठिंबा देणाऱ्या नेत्याचं पद गेलं. त्यांची उभी लिपीही १९४० च्या दशकात बाजूला पडून रशियन लिपी आली होती. १९९० नंतर चित्र पालटलं. आज तिथल्या नोटांवर तो आहे, विमानतळाला त्याचं नाव आहे, राजधानीपासून काही अंतरावर त्याचा ४० मीटर उंच पोलादी पुतळा आहे.

तिकडे तो राष्ट्रपिता, इराणमध्ये शहरं उजाड करणारा. यातलं एक खोटं ठरवून दुसरं निवडायचा मोह होतो. निवडू नका. टाकलेल्या लोकांना एक नाव देणारा आणि हजारो घरांचं नाव पुसणारा एकच माणूस होता. इतिहासातल्या कुणाहीबद्दल वाचताना ही दोन्ही पानं उघडी ठेवायची सवय लावून घ्या.

पट्टकादंब उन्हाळ्याआधी परत निघतात. त्याआधी भिगवणला एक चक्कर टाका.