कल्याण मटक्यातलं ‘कल्याण’ म्हणजे शहर नाही, तर वरळीतला एक किराणावाला आहे

समजा, भोकरमधली पाच-सहा मित्रमंडळी रात्री जेवणं आटपून मोबाईल घेऊन बसली आहेत. एक जण पुण्यात नोकरीला, एक हैदराबादला, बाकीचे गावातच. त्यातला एक जण पोकरच्या अ‍ॅपवर खासगी टेबल उघडतो, त्याचा कोड व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर टाकतो आणि खेळ सुरू होतो.

अ‍ॅपमध्ये नुसत्या चिप्स असतात. खरे पैसे कोणी किती द्यायचे आणि कोणाला किती मिळायचे, हा हिशोब टेबल उघडणारा मित्र ठेवतो. खेळ संपला की यूपीआयनं पैसे इकडचे तिकडे होतात.

बाहेरचा कोणी नाही, अनोळखी अड्डा नाही, सगळे एकमेकांना शाळेपासून ओळखणारे. मग यात धोका तो काय?

या प्रश्नाचं उत्तर शोधायचं तर साठ वर्षांपूर्वीच्या वरळीत जावं लागतं. तिथं एका माणसानं असाच भरवशावर चालणारा खेळ सुरू केला होता. त्याचं नाव आजही मराठवाड्यातल्या टपऱ्यांवर रोज घेतलं जातं. फक्त घेणाऱ्यांतल्या बऱ्याच जणांना वाटतं, की ते मुंबईजवळच्या कल्याण शहराचं नाव आहे.

ते नाव आहे कल्याणजी भगत यांचं.

कच्छमधून आलेला मसालेवाला

कल्याणजी मूळचे गुजरातमधल्या कच्छचे. रताडिया हे त्यांचं गाव आणि घरी शेती. कुटुंबाचं मूळ आडनाव गाला. घरातल्या धार्मिक वळणामुळे कच्छच्या राजानं ‘भगत’ ही उपाधी दिली आणि पुढे तेच आडनाव झालं, असं सांगितलं जातं.

१९४१ साली ते मुंबईत आले. हातात भांडवल नव्हतं. मुंबईत नव्यानं येणारा माणूस जे करतो तेच त्यांनीही केलं, मिळेल ते काम धरलं. फेरीवाला म्हणून मसाले विकले, मग किराणा दुकान सांभाळलं.

दुकान वरळीत होतं, हे महत्त्वाचं. वरळी, परळ, लालबाग हा सगळा गिरणगावचा पट्टा. पाळी सुटली की हजारो कामगार रस्त्यावर यायचे. त्यात कोकणातले होते, घाटावरचे होते. महिन्याच्या महिन्याला हातात पगार यायचा आणि त्यातला बराचसा गावी मनिऑर्डरनं जायचा. जे उरायचं त्यात रुपया-दोन रुपये लावून नशीब बघायला लोक तयार होते.

न्यूयॉर्कचा कापूस आणि मुंबईचा आकडा

मटका सुरू व्हायच्या आधीही मुंबईत आकड्यांचा जुगार होता, पण त्याचा आकडा येत होता थेट अमेरिकेतून.

न्यूयॉर्क कॉटन एक्स्चेंजमध्ये कापसाचा बाजार कोणत्या भावानं उघडला आणि कोणत्या भावानं बंद झाला, हे टेलिप्रिंटरवरून मुंबईत कळायचं. त्या भावांवर लोक पैसे लावायचे. मटक्यात आजही जे ‘ओपन’ आणि ‘क्लोज’ म्हणतात, ते शब्द इथून आले आहेत. बाजार उघडतानाचा भाव तो ओपन आणि बंद होतानाचा तो क्लोज. कल्याणजीही वरळीतल्या विनोद महल या इमारतीच्या आवारात या कापसाच्या भावांवर पैसे घ्यायचे.

या पद्धतीची एक मोठी सोय होती. न्यूयॉर्कचा भाव वरळीतला कोणी बदलू शकत नव्हता. पैसे लावणाऱ्याला बुकीवर आकड्यापुरता तरी भरवसा ठेवावा लागत नव्हता, कारण आकडा त्याच्या हातातच नव्हता.

१९६१ मध्ये मात्र न्यूयॉर्कहून हे भाव येणं बंद झालं.

पैसे लावणारे होते, घेणारे होते, पण आकडाच नव्हता. आता आकडा इथंच काढायचा तर तो काढणाऱ्या माणसावर लोकांचा विश्वास बसायला हवा होता. ही जागा कल्याणजींनी भरली. १९६२ साली वरळी मटका सुरू झाला. आठवड्याचे सातही दिवस तो चालायचा.

मडकं गेलं, नाव राहिलं

सुरुवातीला शून्य ते नऊ आकड्यांच्या चिठ्ठ्या मडक्यात टाकून त्यातून आकडा काढला जायचा. मडकं म्हणजे मटका, म्हणून खेळाचं नाव मटका. पुढे चिठ्ठ्यांच्या जागी पत्ते आले, पण नाव तेच राहिलं.

पत्त्यांची पद्धत अशी. राजा, राणी, गुलाम बाजूला काढायचे. एक्का म्हणजे एक आणि दश्शी म्हणजे शून्य. उरलेल्या चाळीस पत्त्यांतून तीन पत्ते काढायचे. समजा २, ५ आणि ८ निघाले. त्यांची बेरीज १५. त्यातला शेवटचा आकडा ५, हा झाला ओपन. नंतर पुन्हा तीन पत्ते काढायचे. समजा १, ४ आणि ७ आले. बेरीज १२, म्हणून क्लोज २. दोन्ही मिळून जोडी झाली ५२.

खेळायला लिहिता-वाचता येण्याची गरज नाही आणि पत्ते खेळता येण्याचीही नाही. रुपयापासून पैसे लावता येतात. एजंट चिठ्ठीवर आकडा लिहून देतो आणि आकडा लागला की त्याच चिठ्ठीवर पैसे मिळतात.

त्या चिठ्ठीला कायद्यात काडीची किंमत नव्हती. भारतीय करार कायदा १८७२ सालचा. त्याच्या कलम ३० नुसार पैजेचा करार मुळातच रद्दबातल असतो. जिंकलेले पैसे समोरच्यानं दिले नाहीत, तर कोर्टात जाऊन वसूल करता येत नाहीत. वर मुंबईचा जुगार प्रतिबंधक कायदा १८८७ पासून लागू होता. म्हणजे तक्रार करायला जावं, तर तक्रार करणाराच अडकायचा.

अशा परिस्थितीत हा धंदा वर्षानुवर्षं चालला, तो पत्ते सगळ्यांसमोर निघतात आणि लागलेल्या आकड्याचे पैसे मिळतात, या भरवशावर. किराणा दुकानदाराची उधारीची वही जशी शब्दावर चालते, तसाच हा मामला होता.

फसवायची गरजच नव्हती

आता यात गंमत अशी आहे, की मटकेवाल्याला लोकांना फसवायची गरजच नव्हती.

मटक्यातला सर्वसाधारण भाव पाहा. एका आकड्यावर १० रुपये लावले आणि तो लागला तर ९० रुपये मिळतात. पण आकडे आहेत दहा. दहा वेगवेगळ्या माणसांनी दहा आकड्यांवर १०-१० रुपये लावले, तर बुकीकडे जमले १०० आणि त्यानं दिले ९०. दहा रुपये त्याचे. त्यासाठी ना पत्ता लपवावा लागला, ना खोटं बोलावं लागलं.

जोडीचंही तेच. जोड्या शंभर आणि भाव नव्वदपट.

एखाद्यानं रोज १० रुपये, असं सलग शंभर दिवस जोडीला लावले, तर त्याचे १,००० रुपये जातात. शंभर दिवसांत जोडी एकदा लागेल असं धरलं, तरी हातात येतात ९००. आणि एकदाही न लागण्याची शक्यता जवळपास ३७ टक्के आहे. म्हणजे असं खेळणाऱ्या दर तीन माणसांमागे एकाहून जास्त माणूस हजार रुपये घालवून रिकाम्या हातानं घरी जाणार.

दुसऱ्याची जोडी लागली की ती मात्र सगळ्या गल्लीला कळते. न लागलेल्यांची चर्चा कोणी करत नाही.

थोडक्यात, खेळ जितका स्वच्छ तितकी गर्दी जास्त, आणि जितकी गर्दी जास्त तितका दहावा हिस्सा मोठा. इथं प्रामाणिकपणाच धंद्याची जाहिरात होती. खेळणाऱ्याला मात्र वाटायचं, की माणूस सच्चा आहे म्हणजे आपला पैसा सुरक्षित आहे. या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे बहुतेकांना खिसा रिकामा झाल्यावर कळायचं.

वरळीतून मराठवाड्यापर्यंत

१९६४ मध्ये रतन खत्री यांनी नियमांत थोडा बदल करून न्यू वरळी मटका सुरू केला. तो आठवड्यातले सहा दिवस चालायचा आणि त्यातला भाव खेळणाऱ्याला थोडा जास्त फायद्याचा होता. पुढे खत्री यांचं नाव कल्याणजींपेक्षाही जास्त गाजलं. आणीबाणीत त्यांना तुरुंगात जावं लागलं.

कल्याणजींच्या मटक्याला मात्र त्यांचंच नाव चिकटलं, कल्याण. मुंबईत निघालेला आकडा फोनवरून बाहेरगावी जाऊ लागला आणि बघता बघता तालुक्याच्या गावांपर्यंत पोचला. नांदेड, लातूरकडच्या माणसानं वरळी कधी पाहिलीही नसेल, पण कल्याणचा ओपन काय आला, हे त्याला माहीत असायचं.

गिरणगाव मात्र बदलत गेलं. १८ जानेवारी १९८२ ला दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली गिरण्यांचा संप सुरू झाला. सुमारे अडीच लाख कामगार त्यात उतरले. अनेक गिरण्या पुन्हा नीट सुरू झाल्याच नाहीत. ज्या पगारातल्या रुपया-दोन रुपयांवर मटका उभा राहिला, तो पगारच थांबला. पुढे पोलिसांचा दबाव वाढला आणि लॉटरी, क्रिकेटचा सट्टा असे नवे पर्यायही आले.

१९९० च्या दशकाच्या सुरुवातीला कल्याणजींचं निधन झालं. कारभार मुलाकडे, सुरेश भगत यांच्याकडे गेला. जून २००८ मध्ये अलिबाग-पेण रस्त्यावर ट्रकनं त्यांच्या गाडीला धडक दिली आणि त्यांच्यासह गाडीतल्या सगळ्यांचा मृत्यू झाला. आधी अपघात वाटलेलं हे प्रकरण कट असल्याचं तपासात पुढे आलं. २०१३ मध्ये न्यायालयानं दोषींना जन्मठेप सुनावली आणि त्यांत घरातलेच लोक होते.

शब्दावर चालणाऱ्या धंद्यात वारसा हक्क सांगणारी कागदपत्रं नसतात. त्या पैशाच्या वाटणीचा वाद कुठल्या थराला जाऊ शकतो, हे या प्रकरणानं दाखवलं.

परत भोकरच्या टेबलावर

आता पुन्हा त्या खासगी टेबलाकडे येऊ.

पोकर म्हणजे मटका नाही. पोकरमध्ये कोणता हात खेळायचा, कधी पत्ते टाकून द्यायचे, कधी समोरच्याला हूल द्यायची, यात अक्कल लागते. मित्रांमध्ये खेळताना एकाचे गेलेले पैसे दुसऱ्या मित्राकडेच जातात, मधे बुकी नसतो.

पण टेबल चालवणाऱ्यानं प्रत्येक डावातून आपला हिस्सा काढायला सुरुवात केली, की चित्र बदलतं. पोकरमध्ये याला रेक म्हणतात. आपल्याकडच्या पत्त्यांच्या अड्ड्यावर त्याला नाल म्हणतात.

समजा सहा मित्रांनी प्रत्येकी ५०० रुपये आणले, म्हणजे टेबलावर आले ३,०००. एका डावात सरासरी २०० रुपये जमतात आणि नाल आहे ५ टक्के, म्हणजे डावाला १० रुपये. रात्रभरात शंभर डाव झाले, तर १,००० रुपये टेबल चालवणाऱ्याकडे गेले. खेळात हरणारे-जिंकणारे कोणीही असोत, टेबलावरची एक तृतीयांश रक्कम संपलेली असते. आणि यात कोणी कोणाला फसवलेलंही नसतं.

नाल नसली तरी भरवशाचा प्रश्न उरतोच. पत्ते वाटतं अ‍ॅप आणि पैसे सांभाळतो मित्र. एखाद्यानं हरलेले पैसे दिले नाहीत, तर करार कायद्याचं तेच कलम आडवं येतं. मग पैसे बुडतात नाहीतर मैत्री.

कायद्याची बाजूही आता बदलली आहे. भोकरपासून फार लांब नसलेल्या तेलंगणानं २०१७ मध्येच पैसे लावून खेळल्या जाणाऱ्या ऑनलाइन रमी-पोकरला बंदी घातली. म्हणजे ग्रुपमधला हैदराबादचा मित्र तेव्हापासूनच त्या कायद्याच्या कक्षेत आहे. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेनं देशभरासाठी कायदा केला. पैसे लावून खेळायचा ऑनलाइन खेळ कौशल्याचा असो की नशिबाचा, तो पुरवणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक कोटी रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. नुसत्या खेळणाऱ्यासाठी त्यात शिक्षा नाही. त्यामुळे टेबल उघडणारा, हिशोब ठेवणारा आणि नाल काढणारा मित्र खेळणाऱ्यांत मोडतो की खेळवणाऱ्यांत, हा प्रश्न आता गमतीचा राहिलेला नाही.

पोकर आवडत असेल तर खोट्या चिप्सवर खेळता येतो. हूल तीच, डोकं तेच आणि चिडवाचिडवीही तीच. फक्त खेळ संपल्यावर कोणाला यूपीआय करावं लागत नाही.

कल्याणजींनीही सुरुवात ओळखीच्या गिऱ्हाइकांच्या वरळीतूनच केली होती. त्यांचा शब्द खरा होता म्हणून लोक त्यांच्याकडे आले. त्यांचा शब्द खरा असूनही दर शंभरातले दहा रुपये त्या लोकांकडे परत गेले नाहीत.