ललिता पवार

मुलांनो, घरात कुणी चहाडी केली, कुणाचे कान भरले, की आजी त्याला मंथरा म्हणते ना? १९८७ साली दूरदर्शनवर रामायण सुरू झाले. दर रविवारी सकाळी ज्याच्या घरी टीव्ही असेल त्याच्या ओटीवर सगळी आळी जमायची. त्यातली कुबडी मंथरा दिसली की बायाबापड्या कडाकडा बोटे मोडायच्या. ते काम ललिता पवार यांनी केले होते. तेव्हा त्यांनी सत्तरी ओलांडली होती.

त्यांचा जन्म १८ एप्रिल १९१६ रोजी नाशिक जिल्ह्यातील येवला येथे झाला. हे पैठण्यांचे गाव. त्यांचे माहेरचे नाव अंबा. सिनेमात त्या लहानपणीच शिरल्या. तेव्हा चित्रपट मुके होते, पडद्यावरची माणसे नुसते ओठ हलवायची. पुढे बोलपट आले आणि अंबाची ललिता झाली. त्या नायिका झाल्या, घोडदौड-मारामारीच्या चित्रपटांतही चमकल्या. नुसते कामच नाही बरं का, चित्रपट काढण्यातही त्यांनी हात घातला होता.

आणि १९४२ मध्ये घात झाला. एका चित्रपटाचे चित्रण चालू होते. नट भगवान यांनी त्यांच्या थोबाडीत मारायची, असा प्रसंग होता. खोटी खोटी मारायची ती चपराक खरीच जोरात बसली. चेहऱ्याच्या डाव्या बाजूला लकवा झाला. औषधपाणी बरेच दिवस चालले. चेहरा पुष्कळसा सुधारला, पण डावा डोळा कायमचा बारीक राहिला. वय अवघे सव्वीस! नायिकेचे काम आता कोण देणार?

दुसरी कुणी असती तर घरी बसली असती. ललिताबाईंनी दुय्यम भूमिका घ्यायला सुरुवात केली. १९४४ च्या प्रभातच्या रामशास्त्री चित्रपटात त्या आनंदीबाई झाल्या. ध चा मा करणारी ती हीच, इतिहासात तुम्ही वाचली असेल. मग हिंदी चित्रपटांत खाष्ट सासू म्हटली की ललिता पवारच. तो बारीक डोळा आणखी बारीक करून त्या सुनेकडे बघायच्या, तेव्हा थिएटरातली पोरे आईच्या पदराआड लपायची.

पण त्या नुसत्या दुष्टच झाल्या असे समजू नका. श्री ४२० (१९५५) मध्ये त्या केळीवाली आहेत, वरून फटकळ आणि आतून माऊली. मिस्टर अँड मिसेस ५५ मधली त्यांची आत्या बघून हसू येते. जंगली (१९६१) मध्ये घरात कुणाला हसू न देणारी आई त्यांनीच केली. आनंद (१९७१) मध्ये त्या दवाखान्यातल्या मेट्रन आहेत. मला विचाराल तर सगळ्यांत सरस काम अनाडी (१९५९) मधल्या मिसेस डिसाचे. भाडेकरू पोराला त्या तोंडाने रागावतात आणि मनातून पोटच्या पोरासारखे जपतात. त्याबद्दल त्यांना फिल्मफेअरचे बक्षीस मिळाले. १९६१ साली संगीत नाटक अकादमीचाही पुरस्कार मिळाला.

त्याच १९६१ साली संपूर्ण रामायण हा चित्रपट आला. त्यातही मंथरा त्यांनीच केली होती. म्हणजे टीव्हीवरची मंथरा ही त्यांची दुसरी खेप!

२४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले.