अंधाराचा अभ्यासक : एमिल राकोवित्सा

रुमानियातील याश या नगरात १५ नोव्हेंबर १८६८ रोजी एमिल राकोवित्सा यांचा जन्म झाला. वडिलांच्या इच्छेनुसार पॅरिसला जाऊन त्यांनी कायद्याची पदवी घेतली. परंतु त्यांचे मन रमले ते प्राणिशास्त्रात. १८९६ मध्ये त्यांनी या विषयात डॉक्टरेट मिळविली. पुढच्याच वर्षी ‘बेल्जिका’ जहाजावरील निसर्गशास्त्रज्ञ म्हणून ते दक्षिण ध्रुव प्रदेशाकडे निघाले. तेथे हे जहाज वर्षभराहून अधिक काळ बर्फात अडकून पडले. पुढे दक्षिण ध्रुवावर पोहोचणारे आमुंडसेन या सफरीत त्यांचे सहप्रवासी होते.

परतल्यावर फ्रान्समधील बान्यूल्स येथील सागरी प्रयोगशाळेचे उपसंचालकपद त्यांना लाभले. सागरी जीवशास्त्रात नाव झाले होते. पुढची वाट सरळ होती. पण १९०४ च्या जुलैत मायोर्का बेटावरील द्राक गुहेतील तळ्यात त्यांना एक लहानसा कवचधर प्राणी सापडला. त्याला डोळे नव्हते, रंग नव्हता. त्याचे बहुतेक आप्त समुद्रात राहणारे. मग हा भूमीखालच्या पाण्यात आला कसा? या एका प्रश्नाने राकोवित्सांच्या आयुष्याची दिशा बदलली. सागराचा अभ्यास मागे पडला आणि छत्तिशीच्या उंबरठ्यावर त्यांनी अंधाराचा अभ्यास आरंभिला.

१९०७ साली प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या प्रबंधाने गुहाजीवशास्त्राचा पाया घातला. माणूस शिरू शकतो तेवढीच गुहा नव्हे; खडकांतील अरुंद भेगा आणि त्यांतून झिरपणारे पाणी हेही या जीवांचे घरच होय, असे त्यांनी प्रतिपादन केले. भूपृष्ठावरून नष्ट झालेल्या प्राचीन वंशांचे वारस तेथे टिकून राहिले असल्याने, हे अंधारे जग त्यांना जीवसृष्टीच्या इतिहासाचे दप्तरच वाटे. सहकारी रने जानेल यांच्यासह त्यांनी युरोपातील शेकडो गुहा पालथ्या घातल्या.

पहिल्या महायुद्धानंतर मायदेशाने त्यांना क्लूज येथील विद्यापीठात बोलाविले. केवळ अध्यापनाच्या पदावर समाधान न मानता त्यांनी संशोधनसंस्थेचा आग्रह धरला. त्यातून १९२० मध्ये गुहाशास्त्राला वाहिलेली जगातील पहिली संस्था उभी राहिली. भूजलातील सूक्ष्म कवचधरांचे जाणकार शाप्युई हेही तेथे येऊन मिळाले.

१९४० मध्ये सीमा बदलल्या, क्लूज हंगेरीकडे गेले आणि वार्धक्यात राकोवित्सांना तिमिशोआरा येथे स्थलांतर करावे लागले. युद्ध संपल्यावर ते क्लूजला परतले व विस्कटलेली घडी पुन्हा बसविण्याच्या खटपटीत असतानाच नोव्हेंबर १९४७ मध्ये निवर्तले.

त्यांची संस्था आज त्यांच्याच नावाने ओळखली जाते. राज्ये आणि सीमा बदलल्या. पण एका नेत्रहीन जीवाने दाखविलेल्या वाटेवरील ते काम मात्र थांबले नाही.