मंथरेच्या आधीच्या ललिता पवार

आपल्या पिढीला ललिता पवार भेटल्या त्या थेट मंथरा म्हणून. १९८७ साली दूरदर्शनवर रामानंद सागरांचं 'रामायण' सुरू झालं, तेव्हा गोंदिया अजून भंडारा जिल्ह्यात होतं आणि आपण प्राथमिक शाळेत. पुढे गॅदरिंगला रामायण बसवायचं ठरलं, की सीता व्हायला सगळ्या तयार. मंथरेसाठी मात्र बाईंना एकेकीची मनधरणी करावी लागायची. एक डोळा बारीक केला की झाली मंथरा, एवढंच आपल्याला ठाऊक. तो डोळा मेकअपचा नव्हता, हे मला फार उशिरा कळलं.

१९१६ साली येवल्यात जन्मलेल्या अंबा सगुण लहानपणीच मूकपटांत आल्या आणि नायिका झाल्या. १९३२च्या 'कैलाश'मध्ये त्यांनी काम केलंच, निर्मितीतही वाटा उचलला. सोळाव्या वर्षी! त्या वयात आपण दहावीच्या प्रिलिमला घाबरत होतो.

१९४२मध्ये एका प्रसंगाच्या चित्रीकरणात भगवानदादांनी मारलेली थप्पड जोरात बसली. चेहऱ्याची डावी बाजू लुळी पडली. उपचारांत तीनेक वर्षं गेली, तरी डावा डोळा अधूच राहिला. तिशीही गाठली नव्हती आणि नायिकेची कामं संपली.

त्या घरी बसल्या नाहीत. मिळाल्या त्या सासवा केल्या, आणि अशा केल्या की लोक पडद्याबाहेरही त्यांना घाबरू लागले. शांतारामबापूंच्या 'दहेज'मधली सासू आठवा. पण मला त्यांची दुसरी बाजू जास्त मोठी वाटते. 'श्री ४२०'मधली केळी विकणारी गंगामाई, किंवा 'अनाडी'तली वरून फटकळ, आतून मायाळू घरमालकीण मिसेस डिसा. याच भूमिकेने त्यांना फिल्मफेअर मिळवून दिलं. पुढे 'आनंद'मध्ये हृषिकेश मुखर्जींनी मेट्रन म्हणून त्यांनाच घेतलं आणि आडनावही डिसाच ठेवलं. डोळा तोच, पण त्याची भीती कुठेच वाटत नाही. 'अनाडी' पुन्हा पाहा, म्हणजे पटेल.

मंथरा आली तेव्हा त्यांनी सत्तरी ओलांडली होती, कॅमेऱ्यासमोर जवळजवळ साठ वर्षं झाली होती. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात औंधच्या घरी त्या गेल्या. त्या वेळी घरात त्या एकट्याच होत्या.