लेआँ फूको

जाँ बेर्नार लेआँ फूको (जन्म : पॅरिस, १८ सप्टेंबर १८१९, मृत्यू : पॅरिस, ११ फेब्रुवारी १८६८) हे एकोणिसाव्या शतकातील फ्रेंच प्रायोगिक भौतिकशास्त्रज्ञ होते. पृथ्वीच्या परिवलनाचा प्रत्यक्ष पुरावा देणारा लंबक ही त्यांची सर्वांत प्रसिद्ध कामगिरी होय. त्याखेरीज प्रकाशाच्या वेगाचे मापन, जायरोस्कोप, धातूंत निर्माण होणारे आवर्त प्रवाह, काचेवर चांदीचा मुलामा दिलेल्या आरशांचे दूरदर्शक आणि आरशांची अचूकता तपासण्याची पद्धत असे त्यांचे कार्य अनेक क्षेत्रांत पसरलेले आहे. भौतिकशास्त्राचे वा उच्च गणिताचे रीतसर शिक्षण त्यांना मिळालेले नव्हते. त्यामुळे त्यांच्या शोधांना लोकमान्यता लवकर मिळाली, परंतु फ्रेंच विज्ञान अकादमीचे सदस्यत्व मिळण्यास दीर्घकाळ लागला.

बालपण आणि शिक्षण

फूको यांचे वडील पुस्तक प्रकाशक होते. फूको लहान असतानाच वडिलांचे निधन झाले आणि आईने त्यांचा सांभाळ केला. त्यांची प्रकृती नाजूक होती आणि शालेय अभ्यासात त्यांनी चमक दाखविली नाही. त्यांचे बरेचसे शिक्षण घरीच शिक्षकांकडून झाले. हातांचे कौशल्य मात्र विलक्षण होते. मुलगा असतानाच त्यांनी लहानसे वाफेचे इंजिन आणि संदेशयंत्र तयार केले होते. हे कौशल्य पाहून शल्यविशारद होण्यासाठी त्यांनी वैद्यकीय शाळेत प्रवेश घेतला, परंतु रक्त आणि रुग्णांच्या वेदना पाहणे सहन न झाल्याने हे शिक्षण त्यांनी अर्धवट सोडले.

वैद्यकाचा अभ्यास करताना त्यांची आल्फ्रेद दोने या अध्यापकांशी ओळख झाली. दोने सूक्ष्मदर्शकाच्या वैद्यकीय उपयोगावर व्याख्याने देत असत. फूको त्यांचे साहाय्यक झाले. दागेर यांनी त्याच सुमारास जाहीर केलेल्या छायाचित्रण पद्धतीचा वापर करून दोघांनी सूक्ष्मदर्शकातून दिसणाऱ्या रक्तपेशी व शरीरातील अन्य द्रवांची छायाचित्रे घेतली. त्यांवर आधारलेला चित्रसंग्रह १८४५ मध्ये प्रसिद्ध झाला. त्याच वर्षी फूको 'जुर्नाल दे देबा' या पॅरिसमधील वृत्तपत्राचे विज्ञानविषयक लेखक झाले. विज्ञान अकादमीच्या बैठकांचे वृत्तान्त ते त्यात लिहीत. काही सदस्यांना त्यांची परखड टीका रुचत नसे.

फिझो यांच्यासह संशोधन

इपोलित फिझो हेही वैद्यकाचे शिक्षण सोडून भौतिकशास्त्राकडे वळले होते. समवयस्क असलेल्या या दोघांनी काही वर्षे एकत्र संशोधन केले. २ एप्रिल १८४५ रोजी त्यांनी सूर्याचे छायाचित्र घेतले. त्यात सूर्यावरील डाग स्पष्ट दिसतात. अवरक्त किरणांतही प्रकाशाप्रमाणे व्यतिकरण होते, हेही त्यांनी दाखवून दिले.

सूक्ष्मदर्शकासाठी प्रखर प्रकाश हवा म्हणून फूको यांनी कार्बनच्या दोन कांड्यांमधील विद्युत् प्रज्योतीचा उपयोग केला. कांड्या जळून झिजत असल्याने त्यांतील अंतर सतत वाढते. हे अंतर आपोआप योग्य राखणारी यंत्रणा त्यांनी तयार केली. १८४९ मध्ये पॅरिसच्या ऑपेरात सूर्योदयाचे दृश्य दाखविण्यासाठी विद्युत् प्रज्योत दिवा वापरण्यात आला. त्याच वर्षी प्रज्योतीच्या वर्णपटाचा अभ्यास करताना त्यांना असे आढळले की, सोडियमच्या ज्या पिवळ्या रेषा प्रज्योत उत्सर्जित करते, त्याच रेषा ती पलीकडून येणाऱ्या सूर्यप्रकाशातून शोषूनही घेते. या निरीक्षणाचा सर्वसाधारण नियम त्यांनी मांडला नाही. ते कार्य सुमारे १० वर्षांनी किरखोफ यांनी केले.

पाण्यातील प्रकाशाचा वेग

प्रकाश कणांचा बनलेला आहे की तरंगरूप आहे, हा वाद त्या काळी अद्याप पूर्णपणे मिटलेला नव्हता. कण सिद्धांतानुसार प्रकाशाचा वेग हवेपेक्षा पाण्यात जास्त, तर तरंग सिद्धांतानुसार कमी असावयास हवा होता. वेगाने फिरणाऱ्या आरशाच्या साहाय्याने याचा निकाल लावता येईल, असे फ्रांस्वा आरागो यांनी १८३८ मध्ये सुचविले होते. परंतु वय आणि मंदावलेली दृष्टी यांमुळे त्यांना तो प्रयोग पूर्ण करता आला नाही. तोपर्यंत फूको व फिझो यांची वाट वेगळी झाली होती आणि दोघेही स्वतंत्रपणे या प्रयोगाच्या मागे लागले. एप्रिल १८५० मध्ये फूको यांना यश आले : पाण्यातून आलेला प्रकाश हवेतून आलेल्या प्रकाशापेक्षा मागे पडत होता. काही आठवड्यांनी फिझो यांनाही हाच निष्कर्ष मिळाला. या विषयावरील प्रबंधाबद्दल फूको यांना १८५३ मध्ये डॉक्टरेट मिळाली.

लंबकाचा प्रयोग

पृथ्वी स्वतःभोवती फिरते, हे शास्त्रज्ञांनी केव्हाच मान्य केले होते. तथापि त्याचे पुरावे मुख्यतः आकाशातील निरीक्षणांवर आधारलेले होते. लेथ यंत्रात बसविलेली लवचिक कांडी कंप पावत असताना यंत्र फिरविले, तरी कंपनाचे प्रतल बदलत नाही, असे फूको यांना दिसले. लंबकाच्या आंदोलनालाही हेच लागू पडत असेल, तर पृथ्वीचे फिरणे खोलीतल्या खोलीत दिसावयास हवे, असा त्यांनी तर्क केला. पृथ्वीच्या परिवलनाचा लंबकावर होणारा परिणाम लक्षात येण्याइतका नसेल, असे थोर गणितज्ञ प्वासाँ यांचे मत होते. मात्र हा परिणाम दर आंदोलनागणिक साठत जातो.

फूको यांनी आईसह राहत असलेल्या घराच्या तळघरात सुमारे २ मीटर लांबीच्या तारेला ५ किलोग्रॅमचा गोळा टांगला. पहिल्या प्रयत्नात तार तुटली. जानेवारी १८५१ मध्ये एके दिवशी पहाटे २ वाजता आंदोलनाची दिशा हळूहळू सरकताना त्यांनी पाहिली. फेब्रुवारीत आरागो यांच्या अनुमतीने पॅरिस वेधशाळेत ११ मीटरचा लंबक टांगून त्यांनी शास्त्रज्ञांना प्रयोग दाखविला. त्यानंतर राष्ट्राध्यक्ष लुई नेपोलियन बोनापार्ट यांच्या पाठिंब्याने मार्चअखेरीस पँथिऑनच्या घुमटाखाली ६७ मीटर तारेला २८ किलोग्रॅमचा गोळा लावून तो लोकांसाठी खुला करण्यात आला. गोळ्याला धक्का बसू नये म्हणून तो दोऱ्याने एका बाजूस बांधून ठेवत आणि दोरा जाळून मोकळा करत. गोळ्याखालील टोक वाळूच्या कडेवर दर फेरीत थोडी वेगळी खूण करी. हे दृश्य पाहण्यास मोठी गर्दी लोटत असे.

आंदोलनाचे प्रतल किती वेगाने फिरेल, हे स्थळाच्या अक्षांशाच्या ज्येवर (साइनवर) अवलंबून असते, हा नियमही फूको यांनीच दिला. ध्रुवावर प्रतलाची एक पूर्ण फेरी सुमारे २४ तासांत होते. विषुववृत्तावर ते मुळीच फिरत नाही. पॅरिसमध्ये एका फेरीला सुमारे ३२ तास, तर पुण्याच्या अक्षांशावर सुमारे ७५ तास लागतात. फूको यांनी नियम दिल्यानंतर अनेक गणितज्ञांनी त्याच्या सिद्धता प्रसिद्ध केल्या.

जायरोस्कोप आणि आवर्त प्रवाह

लंबकाचा ज्येचा नियम सामान्य माणसाला समजणे कठीण जाते, हे जाणून फूको यांनी १८५२ मध्ये आणखी सोपा पुरावा दिला. एकात एक बसविलेल्या कड्यांमध्ये वेगाने फिरणाऱ्या चाकाचा अक्ष अवकाशातील आपली दिशा सोडत नाही; त्यामुळे सभोवतालची पृथ्वी फिरत असल्याचे सूक्ष्मदर्शकातून दिसते. या उपकरणाला जायरोस्कोप हे नाव त्यांनीच दिले. पुढे जहाजांचे आणि विमानांचे दिशादर्शन या तत्त्वावर उभे राहिले.

१८५५ मध्ये त्यांनी तांब्याची चकती शक्तिशाली विद्युत् चुंबकाच्या ध्रुवांमध्ये फिरविली. चुंबक कार्यान्वित होताच चकती फिरविण्यास अधिक बल लागू लागले आणि ती तापू लागली. चकतीत निर्माण होणाऱ्या या प्रवाहांना आवर्त प्रवाह किंवा फूको प्रवाह म्हणतात. रेल्वेगाड्यांचे चुंबकीय ब्रेक आणि स्वयंपाकघरातील इंडक्शन शेगडी यांत त्यांचा उपयोग होतो.

वेधशाळेतील कार्य

१८५५ मध्ये पॅरिस वेधशाळेत फूको यांची भौतिकशास्त्रज्ञ म्हणून नेमणूक झाली. तोपर्यंत मोठ्या परावर्ती दूरदर्शकांचे आरसे जड व लवकर काळवंडणाऱ्या मिश्रधातूचे असत. फूको यांनी काचेच्या आरशावर चांदीचा पातळ मुलामा देण्याची पद्धत अवलंबिली. आरशाने एकत्र आणलेल्या प्रकाशाच्या वाटेत सुरीची धार आणून पृष्ठभागावरील अतिसूक्ष्म उंचसखलपणा ओळखण्याची कसोटीही त्यांनी शोधली. हौशी दूरदर्शककार ती आजही वापरतात. त्यांचा ८० सेंटिमीटर व्यासाचा दूरदर्शक मार्सेय येथील वेधशाळेत बसविण्यात आला.

१८६२ मध्ये त्यांनी फिरत्या आरशाची पद्धत सुधारून प्रकाशाचा वेग मोजला. अंतर्वक्र आरशांमध्ये वारंवार परावर्तन घडवून प्रकाशाचा मार्ग २० मीटर केला होता. सेकंदाला ४०० फेऱ्या घेणाऱ्या आरशाला स्थिर दाबाची हवा पुरविण्यासाठी ऑर्गन वाद्याचे विख्यात कारागीर काव्हाये-कोल यांनी भाता करून दिला. वेग सेकंदाला २,९८,००० किलोमीटर आला. आजच्या मूल्याशी (२,९९,७९२) तुलना करता ही चूक एक टक्क्याहूनही कमी आहे. या मूल्यावरून सूर्याचे पृथ्वीपासूनचे अंतर तोवर मानले जात होते त्यापेक्षा कमी असल्याचेही दिसून आले.

सन्मान आणि अखेर

लंडनच्या रॉयल सोसायटीने १८५५ मध्ये फूको यांना कॉप्ली पदक आणि १८६४ मध्ये परदेशी सदस्यत्व दिले. मायदेशातील विज्ञान अकादमीने मात्र आधी फिझो यांना निवडले आणि फूको यांची निवड १८६५ मध्ये झाली. हा मान त्यांना फार काळ उपभोगता आला नाही. १८६७ मध्ये त्यांना पक्षाघाताचा विकार जडला. हात, दृष्टी आणि वाणी या त्यांच्या कामाच्या साधनांवरच आजाराने घाला घातला. वयाच्या ४८ व्या वर्षी पॅरिस येथे त्यांचे निधन झाले. मोंमार्त्र दफनभूमीत त्यांची समाधी आहे.

त्यांचे विखुरलेले शोधनिबंध १८७८ मध्ये एकत्रित स्वरूपात प्रसिद्ध झाले. आयफेल मनोऱ्यावर कोरलेल्या ७२ नावांत त्यांचे नाव आहे. चंद्रावरील एका विवरालाही ते देण्यात आले आहे. फूको लंबक जगभरातील विज्ञान संग्रहालयांत व संस्थांत पाहावयास मिळतो. पुण्यातील 'आयुका' या खगोलशास्त्रीय संस्थेच्या आवारातही असा लंबक आहे.